देवाच्या वतीने फिर्याद

२०२० सालच्या ऑक्टोबरअखेरीस ‘कौन बनेगा करोडपती’मध्ये ६ लाख ४० हजार रुपयांसाठी एक प्रश्न आला. २५ डिसेंबर १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकर आणि त्यांच्या अनुयायांनी कोणत्या ग्रंथाच्या प्रती जाळल्या? पर्याय होते विष्णुपुराण, भगवद्गीता, ऋग्वेद आणि मनुस्मृती. शाळेच्या पुस्तकात ज्याने महाडचा धडा एकदा वाचलाय, त्याला झोपेतून उठवून विचारलं तरी हे उत्तर सांगता येईल. पण कार्यक्रम संपला आणि तक्रारी सुरू झाल्या. एक लखनौला, एक आपल्याकडे लातूरला. लातूरची तर औशाच्या आमदारांनी थेट पोलिसांकडे केलेली. उत्तर चुकीचं आहे असं कोणाचंच म्हणणं नव्हतं. आक्षेप पर्यायांना होता. चारही ग्रंथ हिंदूंचेच का दिले?

म्हणजे बरोबर उत्तराने कोणाला काही झालं नाही, चुकीच्या उत्तरांनी भावना दुखावल्या. तेव्हा मला हसू आलं होतं. आता येत नाही, कारण त्यानंतर अशा इतक्या फिर्यादी वाचल्या की त्या प्रश्नाची फिर्याद त्यातल्या त्यात सौम्य वाटायला लागली आहे.

या प्रकरणातला एक योगायोग मात्र कोणाच्या फारसा लक्षात आला नाही. धार्मिक भावना दुखावल्याबद्दल ज्या कलमाचा आधार घेतला जातो, ते भारतीय दंड संहितेचं २९५-अ, तेही १९२७चंच. महाडला मनुस्मृती जळाली तेव्हा हे कलम जेमतेम तीन महिन्यांचं होतं. त्याचा जन्म लाहोरच्या एका खटल्यातून झाला. इस्लामच्या प्रेषितांच्या खासगी आयुष्यावर एक टवाळखोर पुस्तिका निघाली. प्रकाशकावर दोन समाजांत वैर पसरवल्याचा आरोप ठेवला गेला. खालच्या न्यायालयांनी शिक्षा दिली, पण उच्च न्यायालयात न्यायमूर्ती दलीप सिंग यांनी त्याला सोडलं. पुस्तिका वाईटच आहे, पण दिवंगत धर्मपुरुषावरची टीका त्या वेळच्या कलमात बसत नाही, असं त्यांचं म्हणणं. त्यावर मोठा क्षोभ उसळला आणि सरकारने नवं कलम आणलं.

ते आणताना केंद्रीय विधिमंडळात जी चर्चा झाली ती आज वाचण्यासारखी आहे. या कलमाच्या बाजूने बोलणाऱ्या बॅरिस्टर जिनांनीच सांगितलं होतं की इतिहास लिहिणारा, सत्याचा शोध घेणारा, धर्माची प्रामाणिक चिकित्सा करणारा यांना संरक्षण मिळालंच पाहिजे. म्हणून कलमात ‘जाणीवपूर्वक आणि दुष्ट हेतूने’ असे शब्द आहेत. नुसती भावना दुखावून गुन्हा होत नाही, दुखावण्याच्याच दुष्ट इराद्याने अपमान केलेला असला पाहिजे. १९५७ साली सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने हे कलम वैध ठरवलं तेही याच शब्दांच्या बळावर. १९६१मध्ये शिक्षा दोन वर्षांवरून तीन झाली, आणि १ जुलै २०२४पासून तेच कलम दंड संहितेच्या जागी आलेल्या भारतीय न्याय संहितेत २९९ क्रमांकाने नांदतं आहे. नंबर बदलला, मजकूर जवळपास तोच.

तर कायदा कागदावर काही वाईट नाही. त्याला दोन भक्कम कुलपं आहेत. एक हेतूचं. दुसरं मंजुरीचं: केंद्र किंवा राज्य सरकारने परवानगी दिल्याशिवाय कोणतंही न्यायालय या गुन्ह्याची दखल घेऊ शकत नाही. मग इतके लोक कोर्टाच्या पायऱ्या का झिजवतात? कारण दोन्ही कुलपं आतल्या खोलीला लावली आहेत. दिंडी दरवाजा सताड उघडा आहे.

गुन्हा दखलपात्र आणि अजामीनपात्र. ठाणे अंमलदारापुढे अर्ज आला की तो नोंदवून घेतला जातो. हेतू दुष्ट होता की नाही हे खटल्यात ठरायचं, मंजुरी आरोपपत्राच्या वेळी मागायची. त्याआधी जे काही होतं, म्हणजे पोलिसांचं पथक दुसऱ्या राज्यातून येणं, अटक, ट्रान्झिट रिमांड (म्हणजे दुसऱ्या राज्यात नेण्यासाठी मिळालेली कोठडी), जबाब, जामिनासाठी धावाधाव, त्यातल्या कशालाच मंजुरी लागत नाही. खरी शिक्षा तीच. पुढे खटला उभा राहिला काय नि पडला काय, फिर्याद करणाऱ्याचं काम झालेलं असतं.

टीव्हीच्या बाबतीत यात आणखी एक गंमत आहे. चोरी जिथे झाली तिथे गुन्हा नोंदवतात. टीव्हीवरचं दृश्य मात्र जिथे जिथे दिसलं तिथे तिथे ‘घडतं’. मुंबईत चित्रित झालेला कार्यक्रम हरियाणातल्या कैथलला पाहिला गेला, पंजाबातल्या अजनाळ्याला पाहिला गेला, हैदराबादला पाहिला गेला. प्रत्येक ठिकाणचा दुखावलेला प्रेक्षक प्रत्येक ठिकाणच्या ठाण्यात जाऊ शकतो. एकाच घटनेबद्दल दुसरी फिर्याद टिकत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २००१मध्येच सांगून ठेवलं आहे. तरी अशी एकाहून जास्त राज्यांतली प्रकरणं एका जागी आणण्यासाठी आजही दिल्लीला सर्वोच्च न्यायालयातच जावं लागतं. नावाजलेले अँकर जातात, त्यांच्या मागे वाहिनी असते. एपिसोडमागे पैसे मिळणाऱ्या संवादलेखकाने कोणता ज्येष्ठ वकील उभा करायचा?

कैथलचं नाव उगाच घेतलं नाही. जानेवारी २०१६मध्ये हरियाणाच्या पोलिसांनी विनोदी नट किकू शारदाला अटक केली. त्याचा गुन्हा हा की टीव्हीवरच्या एका कार्यक्रमात त्याने डेरा सच्चा सौदा या पंथाचा प्रमुख गुरमीत राम रहीमची नक्कल केली. कलम २९५-अ. त्याने माफी मागितली, जामीन घेतला आणि तो परत आला. पुढच्या वर्षी, ऑगस्ट २०१७मध्ये, पंचकुल्याच्या विशेष न्यायालयाने त्याच गुरमीत राम रहीमला दोन साध्वींवरच्या बलात्काराबद्दल दोषी ठरवलं. निकालानंतर झालेल्या हिंसाचारात तीसहून अधिक माणसं मेली.

हा किस्सा मी सूड म्हणून सांगत नाही. नक्कल केली तेव्हा तो दोषी ठरलेला नव्हता, हे मान्य. मुद्दा वेगळा आहे. ‘धार्मिक व्यक्ती’ म्हणजे कोण, हे आपल्या कायद्यात कुठेही लिहिलेलं नाही. राम, प्रेषित, येशू, गुरू नानक यांच्या रांगेत उद्या कोण येऊन बसेल याला धरबंध नाही. ज्याच्यामागे पुरेसे अनुयायी आणि ज्याच्या खिशात स्थानिक सत्ता, तो धर्मपुरुष. कलम धर्माच्या रक्षणासाठी, पण त्याच्या आडोशाला पहिल्यांदा येऊन उभा राहतो तो जिवंत बाबा. मेलेल्या संताला फिर्यादीची गरज नसते. जिवंत बाबाला असते, कारण झाकायला त्याच्याकडे काहीतरी असतं.

आता याच्या अगदी उलट टोकाचं उदाहरण. २०१८च्या फेब्रुवारीत एका मल्याळी गाण्यातल्या तरुण नटीने डोळा मारला आणि देशभर मोबाइलवर तो फिरला. ते गाणं मलबारच्या मुसलमानांचं जुनं मापिळ्ळा गीत, प्रेषित आणि त्यांच्या पत्नी खदीजा यांच्या प्रेमाची प्रशंसा करणारं. ज्यांचं गाणं, ते केरळमधले लोक ते चाळीसएक वर्षं लग्नाकार्यांत गात होते, कोणाच्या पोटात दुखलं नव्हतं. फिर्याद झाली हैदराबादला, तक्रार महाराष्ट्रातही. सर्वोच्च न्यायालयाने आधी कारवाई थांबवली आणि ऑगस्टमध्ये गुन्हा रद्द केला. सुनावणीत तेव्हाच्या सरन्यायाधीशांनी विचारलं की कोणी सिनेमात गाणं म्हणतं आणि तुम्हाला गुन्हे नोंदवण्यापलीकडे काही काम नाही का?

आपल्याकडे हे प्रकरण सहा महिन्यांत मिटलं, म्हणून आपण नशीबवान. सीमेपलीकडे बघा. १९२७चं तेच कलम फाळणीत पाकिस्तानच्याही वाट्याला आलं. झिया उल हक यांच्या राजवटीत त्याला नवे फाटे फुटले, १९८६मध्ये २९५-क आलं आणि त्यात थेट देहदंड. २०१४च्या मे महिन्यात जिओ टीव्हीच्या सकाळच्या कार्यक्रमात एका नटीच्या लग्नाचा खेळ मांडला होता आणि मागे प्रेषितांची कन्या फातिमा आणि जावई हजरत अली यांच्या विवाहाची कव्वाली वाजत होती. ती कव्वाली लग्नघरांत पिढ्यान्‌पिढ्या वाजते. या वेळी मात्र गावोगावी फिर्यादी झाल्या, वाहिनीने माफ्या मागितल्या, सूत्रसंचालिकेला देश सोडावा लागला. नोव्हेंबरमध्ये गिलगिटच्या दहशतवादविरोधी न्यायालयाने वाहिनीचा मालक, सूत्रसंचालिका, ती नटी आणि तिचा नवरा यांना २६ वर्षांची शिक्षा ठोठावली. एका भक्तिगीतासाठी, चुकीच्या जागी वाजलेल्या.

दोन्ही गाण्यांची गोष्ट एकच. श्रद्धेतून जन्मलेलं, श्रद्धावानांनी गायलेलं काहीतरी पडद्यावर येतं आणि पडद्यावर आल्यामुळेच गुन्हा ठरतं.

इथे मराठी माणसाला जनाबाईची आठवण होणं स्वाभाविक आहे. तिने विठोबाला ‘मूळ मायेच्या कारट्या’ म्हटलं आणि त्यापुढे जे म्हटलं ते आजच्या एखाद्या मालिकेत कोणी देवाच्या तोंडावर म्हटलं तर दुसऱ्या दिवशी स्टुडिओच्या फाटकावर मोर्चा येईल. तमाशातल्या गवळणीत मथुरेच्या बाजाराला निघालेल्या गौळणींची वाट अडवणारा कृष्ण, त्याचा बोबडा पेंद्या आणि मिश्या काढून लुगडं नेसलेली मावशी यांच्यात काय काय संवाद चालतात ते ज्यांनी पाहिलंय त्यांना सांगायला नको. गण झाला की गवळण, म्हणजे देवाला नमस्कार करून लगेच देवाची चेष्टा. त्यात विटाळ कोणालाच दिसला नाही.

मालिकांचे संवाद लिहिणारा माझा एक मित्र आहे. त्याने एका पौराणिक मालिकेत नारदाच्या तोंडी इंद्राला एक खोचक टोला लिहिला. नारद म्हणजे कळीचा नारद, तो दुसरं काय करणार? संहिता वाहिनीच्या कायदेवाल्यांकडून परत आली ती शेरा घेऊन: ‘नारद उपरोधाने बोलतो. टाळावे.’ मित्र म्हणाला, आता आम्ही देवांना हसू देत नाही. मंद स्मित चालतं.

पण जनाबाईचं नाव घेऊन मोकळं होणं सोपं आहे, आणि मला तेवढ्यावर सुटायचं नाही. याला एक वजनदार उत्तर आहे. जनी विठ्ठलाची होती. दळताकांडताना तो तिच्या सोबत होता, ती त्याला शिवी देऊ शकते. परक्याने, त्यातही जाहिरातींचे पैसे मोजणाऱ्या परक्याने, दिलेली तीच शिवी वेगळी लागते. गवळण बघायला बसलेलं गाव एकमेकांना ओळखत होतं. टीव्हीसमोर बसलेले कोट्यवधी लोक एकमेकांना ओळखत नाहीत आणि दाखवणाऱ्यालाही ओळखत नाहीत. शिवाय टीव्हीवरची प्रतिमा ऐकीव कथेसारखी प्रत्येकाच्या मनात वेगळी राहत नाही, ती सगळ्यांसाठी एक होऊन बसते. १९८७-८८मध्ये रविवारी सकाळी रामायण लागायचं तेव्हा रस्ते ओस पडायचे. घराघरांत लोक आंघोळ करून बसायचे, टीव्हीला हार घालायचे, उदबत्ती लावायचे. ज्या पेटीची पूजा केली त्या पेटीत वावगं दिसलं तर ते मूर्तीचा टवका उडाल्यासारखं लागणार. हे दुःख खोटं आहे असं मी म्हणणार नाही. वाहिन्यांनी या भक्तीवर टीआरपीची शेती केली आहे, देवळातल्या चमत्कारापासून कुंडलीपर्यंत सगळं विकलं आहे. भक्ती पिकवायची आणि भक्त चिडला की ‘कलेचं स्वातंत्र्य’ म्हणायचं, हा दुटप्पीपणा त्यांचाच.

रामायणाचीच एक गोष्ट मला या सगळ्या वादात सर्वांत महत्त्वाची वाटते.

१९८८मध्ये ती मालिका रामाच्या राज्याभिषेकाशी संपत होती. उत्तर भारतातल्या काही शहरांत सफाई कामगारांनी संप केला. हे कामगार वाल्मीकी समाजाचे. त्यांची मागणी पगाराची नव्हती. उत्तरकांड, म्हणजे रामायणाचा राज्याभिषेकानंतरचा शेवटचा भाग, दाखवा, ही होती. कारण उत्तरकांडात वाल्मीकी ऋषी येतात, सीतेला आश्रय देतात, लव-कुशांना वाढवतात. सगळा देश ज्या कथेपुढे हात जोडून बसला आहे त्या कथेत आमचा पूर्वज कुठे आहे, असा तो प्रश्न होता. शहरांत कचऱ्याचे ढीग साचले आणि पुढे उत्तरकांडाचे भाग आले.

३१ वर्षांनी, सप्टेंबर २०१९मध्ये, तोच समाज पुन्हा रस्त्यावर उतरला. या वेळी खाजगी वाहिनीवर लव-कुशांची मालिका चालू होती आणि तिच्यात वाल्मीकींचं चित्रण चुकीचं आहे, अशी तक्रार होती. पंजाब बंद झाला, मालिकेचं प्रक्षेपण तिथे थांबवलं गेलं. एकाच समाजाने एकाच कांडासाठी एकदा ‘दाखवा’ म्हणून झाडू खाली ठेवला, एकदा ‘दाखवू नका’ म्हणून बाजार बंद केले.

याला कोणी विसंगती म्हणेल. मला ती दिसत नाही. दोन्ही वेळा मागणी तीच होती: आमच्या ऋषीबद्दल काय सांगायचं ते आम्हाला विचारून सांगा. वाल्या कोळ्याची कथा आपण लहानपणी गोड म्हणून ऐकली. ज्यांच्या पोरांना त्या नावावरून शाळेत ‘दरोडेखोराची जात’ म्हणून चिडवलं जातं त्यांना ती गोड लागत नाही. मालिका लिहिणाऱ्यांच्या खोलीत त्यांचं कोणी बसलेलं नसतं. वाहिनीला पत्र लिहिलं तर उत्तर येत नाही. मग हाताशी उरतं काय? रस्ता आणि पोलीस ठाणं. सवर्ण प्रेक्षक चिडतो तेव्हा त्याच्याकडे आमदार असतो, वृत्तपत्र असतं, जाहिरातदारावर दबाव असतो. सफाई कामगाराकडे फिर्याद असते. २०१५मध्ये अत्याचार प्रतिबंधक कायद्यात दुरुस्ती झाली. अनुसूचित जाती-जमातींना ज्यांच्याबद्दल आदर आहे अशा दिवंगत व्यक्तींचा अवमान तेव्हापासून वेगळा गुन्हा झाला, तो याच असमानतेची दखल घेऊन.

तेव्हा सगळ्या फिर्यादी एका मापाने मोजायला मी तयार नाही. तरीही पोलीस ठाणं हे दुबळ्याचं हत्यार आहे यावर माझा विश्वास बसत नाही. त्या प्रश्नमंजूषेची आठवण करा. महाडचा प्रश्न विचारणं हा गुन्हा ठरवू पाहणारी तक्रारही धार्मिक भावनांच्याच नावाने होती. आंबेडकरांनी १९२७ साली जे केलं ते आज टीव्हीवर प्रत्यक्ष कोणी करून दाखवलं, तर २९९ कोणाच्या हातात असेल? दुबळ्याच्या तर नक्कीच नाही. जे शस्त्र पोलिसांच्या मर्जीने चालतं ते शेवटी ज्याचं पोलिसांवर वजन त्याच्याच उपयोगी पडतं. १९८८च्या संपाने काही मिळवलं, कारण तो सौदा होता. ज्यांचं आहे त्यांनी दाखवणाऱ्याशी समोरासमोर केलेला. त्यात कोणाला अटक करून घ्यायची नव्हती.

फिर्यादींचे समर्थक एक भीती हमखास घालतात. ही वाट बंद केली तर लोक कायदा हातात घेतील. फिर्याद म्हणजे प्रेशर कुकरची शिटी, वाफ जाऊ द्या. ऐकायला पटतं. पण इतिहास उलटं सांगतो. लाहोरच्या त्या प्रकाशकाचा खून १९२९मध्ये झाला, म्हणजे कलम अस्तित्वात आल्यावर सुमारे दीड वर्षाने. २०२२च्या मे महिन्यात टीव्हीवरच्या एका चर्चेत प्रेषितांबद्दल झालेल्या वक्तव्यावरून देश पेटला. त्यानंतर उदयपूरच्या ज्या शिंप्याला २८ जूनला त्याच्या दुकानात शिरून मारलं, त्याच्यावर समाजमाध्यमातल्या मजकुरावरून आधीच फिर्याद झाली होती, अटक झाली होती, जामीनही झाला होता. म्हणजे शिटी वाजली होती. त्याच महिन्यात, त्याच वादातून, आपल्या अमरावतीत एका औषध दुकानदाराचा गळा चिरला गेला. फिर्यादीने वाफ गेली नाही. उलट या माणसाने काहीतरी दंडनीय केलं आहे असा सरकारी शिक्का त्याच्या कपाळी बसला. उदयपूरच्या दोघा मारेकऱ्यांच्या मनात काय होतं ते मला ठाऊक नाही. पण ज्याला पोलिसांनी गुन्हेगार म्हणून उचललं त्याच्याबद्दल ‘तो निर्दोष आहे’ असं शेजारपाजारी कोण म्हणणार?

टीव्हीवरच्या चर्चा आणि टीव्हीवरचं चित्रण यांत फरक केला पाहिजे, हेही इथेच सांगून टाकतो. सूफी संत मोइनुद्दीन चिश्तींना एका अँकरने चर्चेत लुटारू म्हटलं, तेव्हा डिसेंबर २०२०मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्याच्यावरच्या फिर्यादी रद्द करायला नकार दिला, मात्र सगळ्या अजमेरला एकत्र केल्या. त्या निकालाशी माझं फारसं भांडण नाही. रात्री नऊच्या चर्चेत देवाचं किंवा पिराचं नाव अनेकदा निमित्त असतं, रोख शेजारच्या गल्लीत राहणाऱ्या माणसावर असतो. त्याला घर भाड्याने मिळणार नाही, त्याच्या गाडीवरची भाजी कोणी घेणार नाही, अशी हवा त्यातून तयार होते. तिथे कायद्याने जरूर बघावं. शंकराची वेषभूषा केलेलं पात्र नाटकात काही बोललं, याने कोणाच्या गाडीवरची भाजी सडत नाही.

ते शंकराचं पात्र कल्पनेतलं नाही. जानेवारी २०२१मध्ये एका वेब मालिकेत कॉलेजमधल्या नाटकाचा प्रसंग होता. त्यावरून अनेक राज्यांत गुन्हे दाखल झाले, उत्तर प्रदेशचे पोलीस मुंबईत आले. निर्मात्यांनी बिनशर्त माफी मागितली, दृश्यं काढून टाकली. तरी २७ जानेवारीला सर्वोच्च न्यायालयाने अटकेपासून संरक्षण द्यायला नकार दिला. वाहिनीच्या एका महिला अधिकाऱ्याचा अटकपूर्व जामीन अलाहाबाद उच्च न्यायालयाने फेटाळला आणि तो मिळायला मार्च उजाडला. माफी मागितली, दृश्य गेलं, मग फिर्याद कशासाठी चालू राहिली? दुखावलेल्या भावनेला जे हवं होतं ते तर मिळालं होतं.

हे असंच चालत आलं आहे असंही नाही. जानेवारी १९८८मध्ये दूरदर्शनवर फाळणीवरची ‘तमस’ सुरू झाली. मशिदीपुढे टाकलेलं डुक्कर, दंगली, तिन्ही धर्मांची माणसं एकमेकांना कापताना. आजच्या हिशेबाने प्रत्येक भागाला दहा फिर्यादी. मुंबई उच्च न्यायालयात प्रक्षेपण थांबवण्याची मागणी झाली. दोन न्यायमूर्तींनी काय केलं? मालिका स्वतः बसून पाहिली. सगळी पाहिली आणि मग ठरवलं की हिचा संदेश शांततेचा आहे. फेब्रुवारीत सर्वोच्च न्यायालयानेही तेच उचलून धरलं, तेव्हा त्याने आधार घेतला नागपूर उच्च न्यायालयाच्या न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांच्या स्वातंत्र्यपूर्व काळातल्या निकालाचा. बोस यांनी म्हटलं होतं की शब्दांचा परिणाम मोजायचा तो समंजस, खंबीर, धीट माणसाच्या मापाने. दुबळ्या, डळमळीत मनाच्या आणि प्रत्येक विरोधी मतात धोका हुंगणाऱ्याच्या मापाने नव्हे. नागपूरच्या एका न्यायाधीशाने देशाला दिलेलं हे माप. मार्च २०२५मध्ये खासदार इम्रान प्रतापगढी यांच्यावरचा एका कवितेबद्दलचा गुन्हा रद्द करताना सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा तेच काढलं.

त्या निकालातला मला जास्त महत्त्वाचा वाटलेला भाग मात्र बोस यांचा नाही. फौजदारी प्रक्रियेच्या नव्या कायद्यात, म्हणजे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत, कलम १७३(३)मध्ये एक सोय आहे. तीन वर्षं किंवा जास्त, पण सात वर्षांपेक्षा कमी शिक्षेच्या दखलपात्र गुन्ह्यात पोलिसांना उपअधीक्षकांच्या परवानगीने १४ दिवसांची प्राथमिक चौकशी करता येते आणि तोवर एफआयआर थांबवता येतो. २९९ची कमाल शिक्षा तीन वर्षं, म्हणजे ते यात बसतं. बोलण्या-लिहिण्याच्या गुन्ह्यांत ही चौकशी करणंच योग्य, असं न्यायालयाने सांगितलं. दिंडी दरवाजाला आता निदान कडी आहे. लावायची की नाही हे अजून पोलिसांवर आहे, एवढीच अडचण. माझं मत विचाराल तर चौकशी ऐच्छिक नको, सक्तीची हवी. सरकारी मंजुरीही अटकेच्या आधी लागावी. आणि कार्यक्रम जिथे तयार झाला किंवा जिथून प्रक्षेपित झाला तिथेच गुन्हा नोंदला जावा, मग प्रेक्षक कुठेही बसलेला असो.

ज्याचं खरोखर दुखलं आहे त्याच्यासाठी दुसरी जागा आहे, पण ती आहे हेच त्याला ठाऊक नसतं. केबल टीव्ही नियमांतली कार्यक्रम संहिता धर्मांवर हल्ला करणाऱ्या, धार्मिक समूहांची तुच्छता करणाऱ्या दृश्यांना मनाई करते. मनोरंजन वाहिन्यांसाठी २०११पासून निवृत्त न्यायमूर्तींच्या अध्यक्षतेखाली एक तक्रार परिषद आहे, आणि २०२१पासून वाहिनीकडे केलेल्या तक्रारीपासून वर चढत जाणारी तीन पायऱ्यांची रचना आहे. तक्रार कुठे करायची याची पट्टी पडद्याखाली सरकते. ती वाचण्याएवढ्या वेगाने मी तरी अजून सरकताना पाहिली नाही. वाहिन्यांनी ही पट्टी थोडी सावकाश सरकवली, आलेल्या पत्राला नाव-गाव असलेलं उत्तर दिलं आणि वाल्मीकींवरची मालिका लिहिताना वाल्मीकी समाजातला एखादा जाणकार सोबत बसवला, तर ठाण्यात जाणाऱ्यांपैकी बरेच लोक ठाण्यापर्यंत पोचणार नाहीत. जे तरीही जातील त्यांना देवाशी कर्तव्य नसतं.

राहता राहिला तो ठाण्यातला अधिकारी. समोर फिर्यादी बसलेला, त्याच्यामागे वीस-पंचवीस कार्यकर्ते, एकाच्या हातात मोबाइल, मोबाइलवर ४० सेकंदांची क्लिप. बाहेर घोषणा चालू. मालिकेचा भाग जाहिराती वगळल्या तर साधारण २२ मिनिटांचा असतो. उपअधीक्षकांना फोन लावायचा, परवानगी घ्यायची, कार्यकर्त्यांना बाहेरच्या बाकावर बसवायचं, चहा सांगायचा आणि तो भाग सुरुवातीपासून लावायचा.